टंच काढणारा कॅमेरा

(आपल्या १९९५ च्या दहावीच्या बॅचच्या स्नेहमेळाव्यात केलेल्या भाषणाचे शब्दांकन)



संयोजकांचा फोन आला तेव्हा ते म्हणाले, "तू सॉफ्टवेअरमधली. कृत्रिम बुद्धिमत्तेवर बोल. आम्ही पोरांनाही घेऊन येणार आहोत." मी हो म्हटलं. पण तयारीला बसले तेव्हा वाटलं, त्या विषयावरचे व्हिडिओ तुमच्या फोनवर रोज सकाळी गुड मॉर्निंगबरोबर येतातच. खरी अडचण वेगळी आहे. आलेल्या व्हिडिओतला खरा कुठला आणि बनवलेला कुठला, हे आता माझ्यासारखीलाही नुसतं बघून सांगता येत नाही. म्हणून मी विषय थोडा बदललाय. ज्यांनी पन्नास वर्षं कॅमेरा हातात धरून "हे खरं आहे का?" एवढंच विचारत राहण्याचं काम केलं, त्यांच्याबद्दल मी बोलणार आहे. त्यांचं नाव आनंद पटवर्धन.

पण सुरुवात आपल्या गल्लीतून करते.

आमच्या घरी पुढच्या खोलीत भट्टी होती आणि मागच्या खोलीत आम्ही राहायचो, हे तुमच्यातल्या बऱ्याच जणांना आठवत असेल, कारण तुमच्या घरीही तसंच होतं. बाबा आटणी करायचे, तार ओढायचे. आई आणि काकू पैंजणाच्या कड्या जोडायच्या. प्रत्येक आटणीनंतर बाबा चांदीचा एक बारीक तुकडा कापून कागदाच्या पुडीत बांधायचे, वर तारीख लिहायचे आणि पुडी डब्यात टाकायचे. आम्हाला ती एक खोड वाटायची. मी सातवीत असताना बाहेरगावच्या एका व्यापाऱ्यानं माल परत पाठवला. टंच कमी भरला, म्हणाला, आणि पैसे कापले. बाबा भांडले नाहीत. डब्यातून त्या तारखेची पुडी काढली, ती आणि परत आलेल्या मालातला एक तुकडा असे दोन्ही घेऊन दुसरीकडे टंच काढायला गेले. दोन्हींचा टंच सारखाच आणि पुरा भरला. पैसे मिळाले. बाबा घरी येऊन एवढंच म्हणाले, "तोंडाला तोंड दिलं असतं तर तो मोठा ठरला असता."

हे मी पुढं विसरून गेले. सांगलीला इंजिनिअरिंग केलं, पुण्यात नोकरी लागली. ते परत आठवायला मला एक चित्रपट बघावा लागला. त्याकडे मी येतेच.

आनंद पटवर्धन रूढ अर्थानं पत्रकार नाहीत. त्यांनी वर्तमानपत्रात नोकरी केलेली नाही. १९५० साली मुंबईत जन्म, तिथंच इंग्रजी साहित्याची पदवी, मग अमेरिकेत समाजशास्त्र. पण त्यांचं काम बघितलं तर ते बातमीदाराचंच आहे. बातमीदार दुसऱ्या दिवशी दुसऱ्या बातमीकडे जातो, हे त्याच बातमीपाशी थांबून राहतात, इतकाच फरक. पत्रकारिता सोडून याच वाटेला लागलेले लोकही आहेत. नंदन सक्सेना आणि कविता बहल हे दोघे मूळचे पत्रकार. विदर्भातल्या कापूस उत्पादकांच्या आत्महत्यांवर त्यांनी 'कॉटन फॉर माय श्राउड' हा माहितीपट केला आणि त्याला शोधपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. पी. साईनाथ यांचं विदर्भातलं काम दीपा भाटिया यांनी 'निरोज गेस्ट्स'मध्ये २००९ साली पडद्यावर आणलं. बातमी चार दिवसांत शिळी होते, पण तिच्यातला माणूस तसाच राहतो, हे या सगळ्यांना जाणवलेलं दिसतं.

आणि आपण कोल्हापूरकरांनी तर याचं नवल करूच नये. सावकाराच्या कागदापायी जमीन गमावणाऱ्या शेतकऱ्याची गोष्ट सांगणारा 'सावकारी पाश' बाबूराव पेंटरांनी कोल्हापुरातच केला, १९२५ साली. म्हणजे शंभर वर्षं झाली. तो कथापट होता, माहितीपट नव्हे. पण सिनेमानं कुणाला तरी जाब विचारावा ही कल्पना आपल्याकडे जुनी आहे.

पटवर्धनांचा पहिला महत्त्वाचा चित्रपट 'क्रांती की तरंगें', जयप्रकाश नारायण यांच्या बिहार आंदोलनावरचा. तो होतो न होतो तोच आणीबाणी लागली. चित्रपट लपूनछपून दाखवावा लागला आणि त्याची प्रत तुकड्या-तुकड्यांनी देशाबाहेर न्यावी लागली. पुढं १९७८ साली त्यांनी राजकीय कैद्यांवर 'जमीर के बंदी' केला.

१९८५ साली 'हमारा शहर' आला. मुंबईतल्या झोपड्या पाडण्याची मोहीम, एकीकडे ज्यांची घरं पडतायत ते, दुसरीकडे शहर सुंदर दिसावं म्हणणारे. त्याला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. पण मला त्यातला एक प्रसंग सगळ्यांत जास्त लक्षात राहिलाय. फुटपाथवरची एक बाई चिडून थेट कॅमेऱ्यामागच्या माणसालाच विचारते, की आमची चित्रं काढून तुम्ही जाल, त्यातून आम्हाला काय मिळणार? दुसऱ्या कुणी हा भाग कापून टाकला असता. पटवर्धनांनी तो ठेवला. जाब सगळ्यांना विचारायचा तर आपल्यालाही विचारू द्यायचा, हे त्यात आलं. तिच्या प्रश्नाचं उत्तर चित्रपटात नाही. माझ्याजवळही नाही. पण शेवटी मी तुम्हाला एक विनंती करणार आहे, तेव्हा ही बाई लक्षात ठेवा.

आता तो चित्रपट, ज्यानं मला बाबांची पुडी आठवून दिली. 'जय भीम कॉम्रेड', २०११ सालचा.

११ जुलै १९९७. घाटकोपरची रमाबाई आंबेडकर नगर ही वस्ती. सकाळी लोक उठले तर डॉ. बाबासाहेबांच्या पुतळ्याला चपलांचा हार घातलेला. लोक रस्त्यावर आले. राज्य राखीव पोलीस दलानं गोळीबार केला, दहा माणसं गेली. आपण तेव्हा वीसच्या आत होतो. पेपरात आलं होतं, वाचलंही असेल, पुढं विसरलो. चार दिवसांनी शाहीर विलास घोगरे यांनी आपल्या घरी जीव दिला. 'हमारा शहर'मध्ये त्यांचा आवाज आहे. पटवर्धन त्यांना ओळखत होते. ते कॅमेरा घेऊन तिथं गेले, आणि चौदा वर्षं जात राहिले.

चौदा वर्षं. आपल्याकडे प्रोजेक्ट सहा महिने लांबला तर माणसं राजीनामा देतात.

या चौदा वर्षांत त्यांनी काय केलं? पोलिसांचं म्हणणं होतं की जमाव गॅसचे टँकर पेटवायला निघाला होता, म्हणून गोळ्या घालाव्या लागल्या. पटवर्धनांनी त्यावर आरडाओरडा केला नाही. टँकर कुठं होते, माणसं कुठं पडली, गोळी लागली तेव्हा कोण घरात होतं आणि कोण दारात, हे लोकांना विचारलं आणि दाखवलं. चौकशी आयोग बसला आणि त्यानंही तो गोळीबार समर्थनीय नसल्याचं सांगितलं. २००९ साली सत्र न्यायालयानं गोळीबाराचा आदेश देणाऱ्या अधिकाऱ्याला दोषी ठरवून जन्मठेप सुनावली. पुढं त्याला वरच्या न्यायालयातून जामीन मिळाला. एवढं तीन-चार ओळींत सांगता येतं. पण या काळात त्या वस्तीतली पोरं मोठी झाली, म्हाताऱ्या गेल्या, ज्या पक्षांवर भरवसा ठेवला ते पक्ष कुणाकुणाबरोबर गेले, शाहिरांची नवी पिढी आली. चित्रपट तीन तासांहून मोठा आहे तो यामुळं. आणि तो आधी वस्त्यांमध्ये पडदे लावून दाखवला गेला. ज्यांची गोष्ट, त्यांनी ती आधी बघितली.

मी तो २०१२ साली पुण्यात एका छोट्या सभागृहात बघितला. घरी आले आणि झोप लागली नाही. कारण माझ्या हातून झालेली एक गोष्ट.

त्याच्या काही महिने आधी, मी काम करत होते तिथं एक मोठी गडबड झाली होती. रात्री चालणारा एक प्रोग्राम दोनदा चालला आणि बऱ्याच लोकांच्या खात्यांचे हिशेब बिघडले. अहवालात लिहिलं गेलं, 'मानवी चूक'. तो मानव म्हणजे रात्रपाळीचा कंत्राटी मुलगा. बावीस-तेवीसचा, सोलापूरकडचा. मी लॉग बघितला होता. लॉग म्हणजे यंत्रानं स्वतःच केलेली नोंद, कुठल्या मिनिटाला काय झालं त्याची. त्यात स्पष्ट दिसत होतं की त्या संध्याकाळी आमच्याच टीमनं वेळापत्रकात बदल केला होता आणि चूक तिथली होती. मुलानं कशालाच हात लावला नव्हता. मी वरिष्ठांना तोंडी सांगितलं. ते म्हणाले, "अहवाल गेलाय गं, आता कशाला?" आणि मी गप्प बसले. त्याचं कंत्राट पुढं वाढलं नाही.

मी खोटं काही लिहिलं नव्हतं. सहीसुद्धा माझी नव्हती. पण पुडी माझ्या डब्यात होती आणि मी ती काढली नाही.

चित्रपट बघितल्यावर मी तो लॉग तारीखवार लावून, कुठल्या ओळीचा अर्थ काय हे साध्या भाषेत लिहून लेखी पाठवला. तीन आठवडे काही झालं नाही. परत पाठवला. शेवटी अहवाल दुरुस्त झाला. मी त्या मुलाला फोन केला. तो भावाच्या दुकानात बसायला लागला होता. मला वाटलं, तो चिडेल. तो म्हणाला, "ताई, तो दुरुस्त केलेला कागद मला पाठवता येईल का? आईला दाखवायचाय."

त्याला नोकरी परत नको होती. घरात त्याच्याबद्दल जे बोललं गेलं असेल, ते पुसायला एक कागद हवा होता. अहवालातलं त्याच्यापुरतं पान मी रीतसर परवानगी काढून पाठवलं. पण तो कागद त्याला त्याच आठवड्यात मिळायला हवा होता, हे मला तेव्हाही कळत होतं आणि आजही कळतं. आपल्या गुरुजनांसमोर हे सांगताना मला संकोच वाटतोय, पण सांगायचं ठरवून आले होते.

पटवर्धनांकडे परत येते. कॅमेऱ्यानं टिपलेलं लोकांपर्यंत पोचवणं हे टिपण्याइतकंच कष्टाचं, हे त्यांच्या कोर्टकचेऱ्या बघितल्या की कळतं. दूरदर्शननं चित्रपट दाखवायला नकार द्यायचा आणि यांनी न्यायालयात जायचं, असं अनेकदा झालं. 'पितृ, पुत्र और धर्मयुद्ध' हा चित्रपट १९९५ चा. तो दूरदर्शननं दाखवावा असा निर्णय सर्वोच्च न्यायालयानं दिला २००६ साली. अणुचाचण्यांनंतरच्या वातावरणावर केलेल्या 'जंग और अमन'ला सेन्सॉरनं बरेच काट सांगितले. २००३ साली मुंबई उच्च न्यायालयानं तो एकही काट न देता दाखवायला परवानगी दिली. या निकालांचा उपयोग पुढं त्यांच्या एकट्यापुरता राहिला नाही. दुसऱ्या चित्रपटकारांनाही त्यांचा आधार झाला.

त्यांची सगळी मतं तुम्हाला पटतील असं मी म्हणत नाही. मलाही सगळी पटत नाहीत. आपल्याच वर्गात चार पक्षांचे लोक बसलेत, आणि मघाशी जेवताना निवडणुकीवरून आवाज चढलेले मी ऐकलेत. पण माणसाची बाजू मान्य नसली तरी त्यानं दाखवलेला पुरावा तपासून बघता येतो. बाबांचं राजकारण त्या व्यापाऱ्याला माहीत असण्याची गरज नव्हती. टंच कुणीही काढला असता तरी तोच निघाला असता.

आता आपल्या अगदी जवळचं. १६ फेब्रुवारी २०१५. कोल्हापुरात सकाळी फिरून येताना कॉम्रेड गोविंद पानसरे आणि उमाताईंवर गोळ्या झाडल्या गेल्या. २० तारखेला पानसरे गेले. टोलच्या आंदोलनात एन. डी. पाटील सरांबरोबर त्यांना आपल्यातल्या कितीतरी जणांनी रस्त्यावर बघितलेलं आहे. 'शिवाजी कोण होता?' हे त्यांचं छोटं पुस्तक कुणाच्या घरी नव्हतं? त्याआधी २० ऑगस्ट २०१३ ला पुण्यात डॉ. नरेंद्र दाभोलकर. नंतर धारवाडला डॉ. कलबुर्गी, बंगळूरला गौरी लंकेश. या चौघांच्या हत्यांभोवती पटवर्धनांनी 'विवेक' हा चित्रपट केला, २०१८ साली. आठ भागांचा, सुमारे चार तासांचा. ॲमस्टरडॅमच्या महोत्सवात त्याला सर्वोत्तम माहितीपटाचा पुरस्कार मिळाला. केरळातल्या महोत्सवात तो दाखवायला केंद्राकडून परवानगी मिळेना, तेव्हा तिथल्या उच्च न्यायालयानं ती दिली.

२०२४ च्या मे महिन्यात दाभोलकर खटल्याचा निकाल लागला. गोळ्या झाडणाऱ्या दोघांना जन्मठेप झाली, बाकीचे तिघे पुराव्याअभावी सुटले. तपासात काय राहून गेलं यावर न्यायालयानंही बोट ठेवलं. मी वकील नाही. पण 'पुराव्याअभावी' हा शब्द वाचला की मला आठवतं, पुरावा आपोआप तयार होत नाही. कुणीतरी तो वेळेवर गोळा करावा लागतो, जपावा लागतो आणि विचारलं की पुढं करावा लागतो. यातलं एक काम जरी राहिलं तरी खरं असूनही ते सिद्ध होत नाही.

म्हणूनच कृत्रिम बुद्धिमत्तेबद्दल मला जे सांगायचंय ते एवढंच आहे. आता कुणाचाही चेहरा आणि कुणाचाही आवाज बनवता येतो. तेव्हा व्हिडिओ कसा दिसतो याला फारसा अर्थ उरलेला नाही. तो कुणी काढला, कधी काढला, मूळ फाइल कुणाजवळ आहे, आणि विचारलं तर तो माणूस समोर येऊन उभा राहील का, याला अर्थ आहे. पोरांनो, पुढं पाठवण्याआधी यातलं एक तरी विचारा.

आता विनंती. २०२३ साली पटवर्धनांचा 'वसुधैव कुटुंबकम' आला. इतकी वर्षं दुसऱ्यांच्या दारात उभ्या राहिलेल्या माणसानं यात कॅमेरा आपल्याच घरी वळवलाय. म्हातारे आईवडील, त्यांच्या आठवणी, स्वातंत्र्याच्या चळवळीतले काका. वर्षानुवर्षं घरातच टिपून ठेवलेलं, त्याचा चित्रपट झाला.

आपल्या हुपरीत चांदीचं काम केलेली पहिली-दुसरी पिढी आता थकलीय. कड्या जोडून जोडून बायकांचे डोळे गेले, पाठी गेल्या, भट्टीच्या धुरानं खोकले लागले. मजुरी काय होती, ती कुणी ठरवली, मंदीत घर कसं चाललं, हे कुठंच लिहिलेलं नाही. चंदेरी नगरी म्हणून आपलं कौतुक छापून येतं, त्यात ही माणसं नसतात. आपल्या प्रत्येकाच्या खिशात असा कॅमेरा आहे, जो पटवर्धनांना १९७४ साली मिळाला असता तर त्यांनी आनंदानं उडी मारली असती. आपल्या बॅचनं वर्षभरात जमतील तेवढ्या लोकांची बोलणी टिपावीत. फक्त कौतुकाचं नको, अडचणीचंही विचारा. तारीख बोलून घ्या. आधी परवानगी घ्या, आणि झाल्यावर आधी त्यांनाच दाखवा. फुटपाथवरच्या त्या बाईला आपण एवढं तरी देणं लागतो. मूळ फाइली तीन ठिकाणी ठेवायच्या, त्यातली एक प्रत शाळेत. ती व्यवस्था मी करून देते, कुणी पैसे काढायचे नाहीत.

सुरुवात मी केलीय. मागच्या दिवाळीत आईला बसवलं, फोन तिपाईवर ठेवला आणि पावणेदोन तास ती बोलली. कुणाच्या घरून किती काम यायचं, कुणी वेळेवर पैसे दिले, कुणी नाही दिले, सगळं तिला तोंडपाठ. मध्येच थांबून म्हणाली, "हे कुणाला दाखवणार आहेस?"

मी म्हटलं, "आधी तुला."

मग तिनं चष्मा मागितला, सगळं बघितलं, आणि एका ठिकाणी म्हणाली, "इथं मी चुकले. तो माणूस पैसे द्यायचा, उशिरा द्यायचा. ते तेवढं नीट कर." तेवढं परत टिपलं.

बाबा जाऊन सहा वर्षं झाली. पुड्यांचा डबा अजून माळ्यावर आहे.

सर, बाई, वर्गात मी एवढी बोलले असते तर तुम्ही बाकावर उभं केलं असतं.